योन आंद्रेएस्कू: निष्पर्ण रानाचा चित्रकार

लेखक: रानवाट

रोमानियाच्या चित्रकलेचा विषय निघाला की पहिलं नाव येतं निकोलाए ग्रिगोरेस्कूचं. बैलगाड्या, धुळीचे रस्ते, डोक्याला रुमाल बांधलेल्या शेतकरी मुली, हे सगळं त्याचं. तो मोठा आहेच. पण मला लिहायचंय ते त्याच्याहून बारा वर्षांनी धाकट्या आणि त्याच्या पंचवीस वर्षं आधी गेलेल्या योन आंद्रेएस्कूबद्दल. पुस्तकांत त्याची ओळख बहुतेकदा ‘ग्रिगोरेस्कूचा अनुयायी’ अशी दोन ओळींत आटोपते आणि ती मला अजिबात पटत नाही. बत्तीस वर्षांचं आयुष्य, त्यातली जेमतेम दहा वर्षं रंगकामाची. एवढ्यात निसर्गाकडे बघण्याची जी रीत त्याने कमावली, ती त्याची स्वतःची आहे.

जन्म बुखारेस्टचा, १८५० सालचा. तेव्हा रोमानिया नावाचा देश नव्हता. वालाकिया आणि मोल्दाविया अशी दोन संस्थानं ऑटोमन सत्तेची मांडलिक म्हणून नांदत होती. १८५९ मध्ये ती एकत्र आली, १८७७ मध्ये स्वातंत्र्य जाहीर झालं, १८८१ मध्ये राज्य झालं. आंद्रेएस्कूच्या हयातीतच हा सगळा देश उभा राहिला. चित्रकलेचं रीतसर शिक्षणही तिथे नवं होतं. तेओदोर अमान आणि गेओर्गे तत्तारेस्कू या दोन चित्रकारांनी १८६४ मध्ये बुखारेस्टला ललित कला विद्यालय काढलं. आंद्रेएस्कू तिथे १८६९ मध्ये दाखल झाला आणि अमानच्या हाताखाली शिकला. अमान पॅरिसला राहून आलेला, इतिहासातले प्रसंग आणि श्रीमंतांचे दिवाणखाने रंगवणारा, पक्क्या रेखांकनाचा माणूस. १८७२ मध्ये आंद्रेएस्कूने बुझऊ या गावी चित्रकला आणि सुलेखनाचा मास्तर म्हणून नोकरी धरली.

बुझऊ बुखारेस्टच्या ईशान्येला आहे. दक्षिणेकडचं सपाट मैदान तिथे संपतं आणि कार्पेथियन पर्वताच्या पायथ्याच्या टेकड्या सुरू होतात. दिवसा शाळेत मुलांची अक्षरं वळणदार करायची आणि उरलेल्या वेळात गावाबाहेर पडायचं, असं त्याचं तिथलं आयुष्य. १८७३ मध्ये बुखारेस्टमध्ये एक मोठं प्रदर्शन भरलं. त्यात ग्रिगोरेस्कूची पुष्कळ चित्रं होती, फ्रान्सहून आणलेली, उघड्यावर बसून केलेली, मोकळ्या फटकाऱ्यांची. आंद्रेएस्कू ती बघून हलला आणि पुढे झपाट्याने रंगवू लागला. इथपर्यंत अनुयायीपणाची गोष्ट खरी आहे.

पण बुझऊच्या वर्षांत त्याने काय रंगवलं ते बघा. गावाची कड. रस्त्यालगतचं एकटं घर. टेकडीवरून वर जाणारी वाट. नांगरणी. या चित्रांत गोडवा शोधून सापडत नाही. घराची भिंत मळकी असेल तर ती मळकीच राहते. आकाश बहुतेकदा झाकोळलेलं, जमीन ओली आणि जड. ‘द्रगायकाची जत्रा’ हे चित्र मला या काळातलं सगळ्यात धाडसी वाटतं. द्रगायका ही बुझऊची जुनी जत्रा, जूनच्या अखेरीस भरणारी. दुसऱ्या कुणी ती रंगवली असती तर नाचणाऱ्या मुली आणि भरजरी पोशाख पुढे आले असते. आंद्रेएस्कू लांब उभा राहतो. त्याला दिसतं ते सपाट रान, वरचं प्रचंड आकाश आणि मधल्या पट्टीत माणसं, जनावरं, गाड्या यांचे रंगाचे छोटे छोटे ठिपके. एकाही माणसाचा चेहरा कळत नाही, तरी गर्दी कळते, उन्हाळा कळतो.

१८७८ च्या अखेरीच्या सुमारास तो पॅरिसला गेला. आकादेमी ज्युलियन या खासगी कलाशाळेत नाव घातलं, पण त्याचं मन रमलं ते फोंतेनब्लोच्या जंगलाकाठच्या बार्बिझाँ गावात. तिथे त्या वेळी ग्रिगोरेस्कूही असे. दोघांनी शेजारी शेजारी काम केलं. ग्रिगोरेस्कूचं ‘बार्बिझाँमधला आंद्रेएस्कू’ हे चित्र त्या मैत्रीची खूण आहे. पॅरिसच्या सलोंमध्ये, म्हणजे तिथल्या मोठ्या अधिकृत चित्रप्रदर्शनात, आंद्रेएस्कूची चित्रं लागली. ‘बार्बिझाँमधला हिवाळा’, ‘आप्रमाँचे खडक’, ‘ओक’, ‘बीचचं रान’, ‘निष्पर्ण रान’ ही त्याच्या नावावरची मोठी चित्रं या काळातली.

‘निष्पर्ण रान’ हे मला सगळ्यांत जवळचं. पानं गळून गेलेली उभी खोडं, खाली कुजत चाललेल्या पाचोळ्याचा तांबूस थर, फांद्यांच्या जाळीतून दिसणारा थंड उजेड. चित्राला विषय असा नाहीच. बैलगाडी नाही, लाकडं वेचणारी म्हातारी नाही, सूर्यास्त नाही. तरीही नजर आत आत जात राहते, कारण प्रत्येक खोड दुसऱ्यापासून किती अंतरावर आहे हे त्याने मोजून, समजून ठेवलंय. पानं असती तर रंगाची हिरवी धांदल करून हे अंतर लपवता आलं असतं.

पॅरिसमध्ये त्याच वर्षांत दृक्‌प्रत्ययवाद्यांची (इम्प्रेशनिस्टांची) प्रदर्शनं भरत होती, चौथं १८७९ मध्ये, पाचवं १८८० मध्ये, सहावं १८८१ मध्ये. आंद्रेएस्कूचा पॅलेट फ्रान्समध्ये उजळला हे खरं. हिवाळ्याच्या चित्रांत निळ्या-जांभळ्या सावल्या येतात. पण वस्तूचं वजन त्याने कधी सोडलं नाही. उजेडात सगळं विरघळून जाऊ देणं त्याला मानवलं नसावं.

क्षयाने पोखरलेला तो १८८१ मध्ये मायदेशी परतला. १८८२ मध्ये बुखारेस्टमध्ये त्याने आपल्या चित्रांचं प्रदर्शन भरवलं आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तो गेला.

कुणी त्याची मूळ चित्रं पाहिली असतील तर जरूर लिहा. आणि ग्रिगोरेस्कूचे चाहते इथे असतीलच, त्यांच्याशी वाद घालायलाही मी तयार आहे.

प्रतिसाद

निशिगंध:
फार सुंदर लेख. हे नाव मी पहिल्यांदाच ऐकलं. वाचनखूण साठवली आहे. ‘द्रगायकाची जत्रा’ लगेच शोधून पाहिलं आणि तुम्ही म्हणता ते पटलं, इतकी माणसं असूनही चित्र आकाशाचंच आहे. बार्बिझाँबद्दल आणखी लिहाल का? एवढ्याशा गावात इतके चित्रकार का जमत होते?

रानवाट:
@निशिगंध, आभार. बार्बिझाँ पॅरिसच्या आग्नेयेला पन्नास-साठ किलोमीटरवर, फोंतेनब्लोच्या जंगलाच्या कडेला आहे. जंगल राजघराण्याच्या शिकारीचं, त्यामुळे शतकानुशतकं जपलेलं. म्हातारे ओक, बीच, वाळूचे पट्टे, मोठमोठे गोल खडक असं सगळं तिथे एका दिवसाच्या चालीत भेटतं. १८३० च्या आसपासपासून चित्रकार तिथे जायला लागले. कोरो, तेओदोर रूसो, नंतर मिले. रूसो आणि मिले तर तिथेच राहिले आणि तिथेच वारले. गान नावाच्या कुटुंबाची खाणावळ होती, तिथे चित्रकारांची स्वस्तात सोय व्हायची. तिच्या भिंतींवर आणि कपाटांवर त्यांनी चित्रं काढून ठेवली आहेत.

दोन गोष्टींनी तिथला ओघ वाढवला. एक म्हणजे रंगाची नळी. जॉन गॉफ रँड या अमेरिकन चित्रकाराने १८४१ मध्ये पत्र्याच्या नळीचं पेटंट घेतलं. त्याआधी खललेला तैलरंग डुकराच्या मूत्राशयाच्या पिशवीत बांधून न्यायला लागायचा. दुसरी रेल्वे, १८४९ मध्ये ती फोंतेनब्लोपर्यंत आली.

आणि हे मला फार मोलाचं वाटतं: जंगल खातं तिथली जुनी झाडं तोडून पाइनची लागवड करू लागलं, तेव्हा चित्रकारांनी विरोध केला. रूसो त्यात पुढे होता. अखेर १८६१ मध्ये शाही आदेश निघाला आणि हजाराहून अधिक हेक्टर जंगल कलेसाठी म्हणून राखून ठेवण्यात आलं. अमेरिकेतलं यलोस्टोन राष्ट्रीय उद्यान १८७२ चं आहे. म्हणजे आंद्रेएस्कूने १८७९ नंतर जे ओक रंगवले, ते चित्रकारांच्या भांडण्यामुळे वाचलेल्या जंगलातले होते. तो पोचला तेव्हा रूसो, मिले, कोरो तिघेही हयात नव्हते. झाडं होती.

जलरंग_कागद:
मी स्वतः लँडस्केप करतो म्हणून कामाच्या अंगाने लिहितो. या माणसाचे राखाडी रंग बघा. शिकत असताना आपण राखाडी म्हणजे काळा अधिक पांढरा असं करतो आणि चित्र मरतं. आंद्रेएस्कूच्या राखाडीत प्रत्येक ठिकाणी एक रंग जिवंत आहे, कुठे मातकट पिवळा, कुठे हिरवा, कुठे निळा. दोन विरुद्ध रंग मिसळून आणि त्यात पांढरा घालून मिळणारी ही राखाडी आहे. ती शेजारच्या रंगाला उठाव देते.

‘बार्बिझाँमधला हिवाळा’ यात बर्फाचा भाग मोठा करून बघा. शुद्ध पांढरा जवळपास नाहीच. नुसता पांढरा लावला तर बर्फ खडूसारखा कोरडा दिसतो. इथे तो जवळ पिवळसर आहे, सावलीत निळसर, आणि जिथे पायदळी तुडवला गेलाय तिथे खालची माती वर आलेली. वर आकाश बर्फापेक्षा गडद ठेवलंय. नवशिका आकाश आपोआप उजळ करतो, कारण आकाश म्हणजे उजेड असं डोक्यात बसलेलं असतं. बर्फ पडून गेल्यावरच्या ढगाळ दिवशी जमीन आकाशाहून उजळ असते, हे स्पॉटवर बसून बघितल्याशिवाय कळत नाही. थंडीत तेलाचा रंगही घट्ट होतो, ब्रश ओढताना जोर लागतो. छातीचा आजार असलेला माणूस त्या गारठ्यात हे करत होता.

फळा_खडू:
माध्यमिक शाळेत चित्रकला शिक्षक आहे. तुमच्या लेखातलं ‘चित्रकला आणि सुलेखनाचा मास्तर’ एवढंच वाचून थांबलो आणि मग पुन्हा पहिल्यापासून वाचलं. एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या तयारीत, फलकलेखनात, स्नेहसंमेलनाच्या पडद्यांत वर्ष कधी निघून जातं कळत नाही. माझ्या ओळखीतले कितीतरी शिक्षक उत्तम हात असलेले, पण नोकरी लागल्यावर स्वतःचं काम सुटलेलं. हा माणूस अशाच आडगावच्या नोकरीत असताना चित्रकार झाला, हे माझ्या विद्यार्थ्यांना आणि सहकाऱ्यांना सांगणार आहे.

एक विचारायचं होतं. त्या नोकरीचा त्याच्या चित्रांना काही फायदा झाला असेल का? सुलेखन शिकवणाऱ्याचा हात स्थिर होतो. निष्पर्ण फांद्या काढताना ते दिसतं असं मला वाटलं. बारीक फांदी एका दमात, न कापता ओढलेली आहे.

रानवाट:
@फळा_खडू सर, हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं, आणि तुमचं निरीक्षण मला पटतंय. खात्रीने सांगता येणार नाही, पण फांद्यांची लय बघितली की वळणाचा सराव असलेला हात जाणवतो खरा. दुसरा फायदा मला दिसतो तो एकाच प्रदेशात टिकून राहण्याचा. राजधानीत राहिला असता तर पोर्ट्रेटची कामं मिळाली असती, गिऱ्हाइकाच्या मनासारखं रंगवावं लागलं असतं. बुझऊमध्ये त्याला सगळे ऋतू त्याच त्या वाटांवर बघायला मिळाले.

वाळूघड्याळ:
लेख आवडला, पण ग्रिगोरेस्कूच्या बाजूने बोलणं भाग आहे. त्याला गोड म्हणून बाजूला काढणं हा त्याच्यावर अन्याय आहे.

त्याचं आयुष्य बघा. जन्म १८३८, पितारू गावचा. लहानपणीच वडील गेले. दहा-बारा वर्षांचा असताना आंतोन ख्लादेक या चेक लघुचित्रकाराकडे उमेदवारी केली. पुढे घर चालवायला देवांच्या प्रतिमा रंगवून विकल्या. विशीत असताना मोल्दावियातल्या अगापिया मठाचं चर्च आतून रंगवलं, १८५८ ते १८६१. परंपरेने ठरलेले बिझंटाइन चेहरे सोडून त्याने जिवंत, ओळखीचे वाटावेत असे चेहरे रंगवले. मिहाईल कोगल्निचानू या बड्या राजकारण्याने ते काम पाहून त्याला फ्रान्ससाठी शिष्यवृत्ती मिळवून दिली. पॅरिसला सेबास्तियाँ कोर्न्यूच्या स्टुडिओत पुढे नावाजलेला फ्रेंच चित्रकार रेनुआर त्याचा सहाध्यायी होता. तिथून तो स्वतःहून बार्बिझाँला गेला, मिले आणि कोरो जिवंत असताना. १८६७ च्या पॅरिस विश्वप्रदर्शनात त्याची चित्रं होती. आंद्रेएस्कूला बार्बिझाँची वाट कुणी दाखवली, याचं उत्तर इथे आहे.

आता गोडव्याबद्दल. १८७७ च्या स्वातंत्र्ययुद्धात तो सैन्याबरोबर आघाडीवर गेला. डॅन्यूब ओलांडून बल्गेरियात जिथे लढाया झाल्या तिथली त्याची रेखाटनं बघा. चिखल, बर्फ, अनवाणी तुर्की कैद्यांच्या रांगा. शत्रूच्या कैद्यांकडे इतक्या करुणेने बघणारा युद्धचित्रकार मला दुसरा पटकन आठवत नाही. ‘स्मर्दानचा हल्ला’ हे भव्य चित्र त्यातूनच आलं. त्यात सैनिक सुबक रांगेत नाहीत, धावताना धडपडणारे, पडणारे आहेत. बुखारेस्ट नगरपालिकेने ते करायला सांगितलं होतं आणि अशा कामात वीरश्री ठासून भरणं सोपं असतं. त्याने ते टाळलं. ब्रिटनीतल्या वित्रे गावातली त्याची अंधाऱ्या घरांची, म्हाताऱ्या बायकांची चित्रंही बघा. त्यांतला अंधार आंद्रेएस्कूच्या आकाशाइतकाच प्रामाणिक आहे.

रानवाट:
@वाळूघड्याळ, युद्धाच्या रेखाटनांबद्दल शंभर टक्के सहमत. कैद्यांच्या रांगेचं चित्र बघून मीही सुन्न झाले होते. माझी तक्रार त्याच्या शेवटच्या काळाबद्दल आहे. १८९० नंतर तो कंपिना गावात स्थिरावला आणि बैलगाडी हाच जवळपास एकमेव विषय उरला. ती चित्रं पांढुरकी, धूसर होत जातात. काही फार सुरेख आहेत, धुळीत विरघळणारा उजेड त्याच्यासारखा कुणाला साधला नाही. पण एकामागून एक पाहिली की त्यातला शेतकरी कधी थकलेला, चिडलेला, उपाशी दिसत नाही हे खटकतं. १९०७ च्या मार्चमध्ये रोमानियात शेतकऱ्यांचा मोठा उठाव झाला आणि सैन्याने तो रक्तात बुडवला. त्याच वर्षी जुलैत ग्रिगोरेस्कू वारला. तो उठाव ज्या खेड्यांतून उसळला, त्या खेड्यांतलं दारिद्र्य त्याच्या बैलगाड्यांत दिसत नाही. आंद्रेएस्कूच्या ‘नांगरणी’त दिसतं, आणि तेही माणसाच्या चेहऱ्यावर नाही, जमिनीच्या रंगात दिसतं.

वाळूघड्याळ:
चित्रकाराकडून वर्तमानपत्राची अपेक्षा करू नये असं माझं मत आहे. युद्ध बघून आलेल्या, अनाथपणात वाढलेल्या माणसाने उतारवयात शांतता रंगवली तर ती त्याने कमावलेली शांतता होती. आणि नवा देश स्वतःचा चेहरा शोधत होता. त्या लोकांना आपला रस्ता, आपली गाडी, आपला पोशाख चित्रात प्रथमच सन्मानाने दिसला, ही गोष्ट लहान नाही. पण ‘जमिनीच्या रंगात दिसतं’ हे तुमचं म्हणणं मी विसरणार नाही. ‘नांगरणी’ पुन्हा बघतो.

देवचाफा:
वैद्यकीय क्षेत्रात असल्यामुळे एक तपशील लिहावासा वाटतो. रॉबर्ट कॉखने बर्लिनमध्ये क्षयाचा जंतू सापडल्याचं जाहीर केलं ते २४ मार्च १८८२ रोजी. आंद्रेएस्कू त्याच ऑक्टोबरात गेला. कारण कळलं, पण त्यावर परिणामकारक औषध यायला आणखी साठ वर्षं लागली, स्ट्रेप्टोमायसिन १९४३ मध्ये सापडलं. त्या काळी विश्रांती, मोकळी हवा आणि आहार एवढंच हाती होतं. जलरंग_कागद यांनी गारठ्यात उभं राहून रंगवण्याबद्दल लिहिलंय ते वाचून गलबललं. शेवटच्या दोन वर्षांत त्याची सगळ्यांत भक्कम कामं झाली आहेत, म्हणजे ताप, खोकला आणि घटणारं वजन यांच्यासकट तो रानात जात होता.

सातासमुद्रा:
नोकरीनिमित्त काही काळ बुखारेस्टला होतो, त्यामुळे मूळ चित्रांबद्दल सांगू शकतो. राष्ट्रीय कला संग्रहालय पूर्वीच्या राजवाड्यात आहे, काल्या व्हिक्टोरिएई या मुख्य रस्त्यावर. आधुनिक रोमानियन चित्रांच्या दालनात अमान, ग्रिगोरेस्कू, आंद्रेएस्कू आणि त्यांच्यानंतरचा चित्रकार लुकियान असे क्रमाने भेटतात. डिसेंबर १९८९ च्या क्रांतीत याच इमारतीवर गोळीबार झाला, आग लागली आणि बऱ्याच कलाकृतींचं नुकसान झालं. दुरुस्तीला कित्येक वर्षं लागली. जी चित्रं आपण आज बघतो ती त्यातून वाचलेली आहेत, हे तिथे उभं असताना सारखं मनात येतं.

ग्रिगोरेस्कूच्या दालनातून आंद्रेएस्कूकडे आलं की खोलीतला आवाज कमी झाल्यासारखं वाटतं. पडद्यावर त्याचे तपकिरी रंग एकसुरी दिसतात, प्रत्यक्षात रंगाचा थर जाड आहे आणि बाजूने उजेड पडला की खोडांची साल उठून येते. क्रिकोर झाम्बाच्चान या आर्मेनियन वंशाच्या संग्राहकाचं घरही आता संग्रहालय आहे, तिथेही दोघांची चांगली चित्रं आहेत आणि लुकियानची फुलंही. कंपिनाला ग्रिगोरेस्कूचं घर बघता येतं. मूळ घर पहिल्या महायुद्धात जळालं, ते पुन्हा उभारून १९५७ मध्ये स्मृतिसंग्रहालय सुरू केलं.

ग्रिगोरेस्कू रोमानियाच्या दहा लेउच्या नोटेवर आहे, रोज हाताळला जातो. आंद्रेएस्कू कुठल्याच नोटेवर नाही. क्लुजच्या कला महाविद्यालयाला मात्र बरीच वर्षं त्याचं नाव होतं.

चाफेकळी:
थोडं विषयांतर करते, पण रोमानियन कलेचा आणि आपला खरा संबंध आहे तो इंदूरमधून. इंदूरचे महाराज यशवंतराव होळकर यांनी १९३० च्या दशकात रोमानियन शिल्पकार कॉन्स्टंटिन ब्रांकुशकडून त्याचे ‘अवकाशातला पक्षी’ या नावाचे तीन शिल्प-पक्षी विकत घेतले, एक ब्राँझचा, एक काळ्या आणि एक पांढऱ्या संगमरवराचा. इंदूरला या पक्ष्यांसाठी एक ध्यानमंदिर बांधायचं ठरत होतं. ब्रांकुश त्यासाठी १९३७ च्या अखेरीस इंदूरला येऊनही गेला. ते मंदिर झालं नाही. संगमरवरी पक्षी पुढे ऑस्ट्रेलियात कॅनबेराच्या राष्ट्रीय कलादालनात गेले. माहेर इंदूरचं असल्यामुळे ही हळहळ आमच्याकडे अजून ऐकू येते.

रानवाट:
@चाफेकळी ताई, यावर स्वतंत्र धागा काढाच. आम्ही सगळे वाचू. @सातासमुद्रा, जाड थराबद्दल सांगितलंत ते फार उपयोगी, मी आजवर बहुतेक छापील प्रतीच पाहिल्या आहेत. @देवचाफा, कॉखची तारीख आणि आंद्रेएस्कूचं शेवटचं वर्ष एकच आहे हे वाचून बराच वेळ काही सुचलं नाही.

पाणपोई:
+१. फार चांगली चर्चा चालली आहे. मला चित्रकलेतलं काही कळत नाही, पण बघायला आवडतं. या दोघांची चित्रं शेजारी शेजारी बघायची असतील तर कुठून सुरुवात करू? लुकियानबद्दलही पुढचा भाग यावा. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

जलरंग_कागद:
@पाणपोई, माझा सल्ला, फक्त झाडं बघा. आधी ग्रिगोरेस्कूने फोंतेनब्लोच्या रानात केलेली चित्रं काढा. उजेड पानांतून गळतोय, ब्रश चपळ आहे, झाड हलतंय. मग आंद्रेएस्कूचा ‘ओक’ उघडा. खोड जमिनीत कुठे शिरतं तिथे पहिल्यांदा लक्ष द्या. बहुतेक चित्रकार तिथे गवताचे चार फटकारे मारून मोकळे होतात. त्याने मुळांपाशी जमीन कशी उचलली गेलीय ते रंगवलंय, म्हणून ते झाड वजनदार वाटतं. मग फांद्यांच्या मधल्या आकाशाच्या तुकड्यांकडे बघा. आकाश आधी रंगवून त्यावर फांद्या काढलेल्या नाहीत, बऱ्याच ठिकाणी फांद्यांनंतर आकाशाचा रंग मध्ये भरलाय. त्यामुळे फांदीची कड कधी धारदार, कधी पुसट होते आणि हवा खेळती राहते. एवढं दिसलं की पुढचं तुम्हाला तुमचं सापडेल.

रानवाट:
@पाणपोई, जलरंग_कागद यांनी सांगितलंय तसंच करा. लुकियानवर लिहायचं मनात आहेच. तो आंद्रेएस्कूहून अठरा वर्षांनी लहान, पुढे आजाराने हातपाय लुळे पडले तरी रंगवत राहिला. पण त्याआधी आंद्रेएस्कूच्या बुझऊमधल्या चित्रांवर एक वेगळा भाग लिहीन. @फळा_खडू सर, फांद्यांच्या वळणाबद्दल तुम्ही जे पाहिलंत ते त्यात तुमच्या नावानिशी घेतलं तर चालेल का?

फळा_खडू:
जरूर घ्या. दहावीच्या मुलांना काल ‘निष्पर्ण रान’ प्रोजेक्टरवर दाखवलं. एका मुलीने विचारलं, यात हिरवा रंग कुठेच कसा नाही? मग वर्गाने मिळून शोधला. खोडांच्या सावलीच्या बाजूला आहे, शेवाळाचा.